दर बारा दिवसांनी मूर्तिजापूर

रमाबाईंचे यजमान कमलाकांत अंथरुणाला खिळले, त्याला यंदाच्या पोळ्याला तीन वर्षं झाली. अर्धांगवायू. उजवी बाजू गेली, वाचा गेली, गिळणं गेलं. दर दोन तासांनी नळीतून पातळ पेज, दर तीन तासांनी कूस बदलायची, मधल्या वेळात चादरी. एकाहत्तराव्या वर्षी रमाबाई हे सगळं एकट्या करत, आणि करताना मनात दुःख वगैरे काही नसे. दुःख करायलाही अंगात थोडी ताकद लागते.

मुलगी आरती परदेशात. ती रोज फोन करून म्हणायची, आई, पूर्णवेळ बाई ठेव. बाया अमरावतीत मिळत होत्या, पण नळीचं काम जाणणारी, पुरुष माणसाला एकटीनं कुशीवर वळवणारी मिळत नव्हती. मिळाली ती प्रतीक्षा. नर्सिंग शिकलेली, हाताची हलकी आणि जिभेची तिखट. तिला चार घरांनी मिळून धरून ठेवलं होतं. आज या घरी, उद्या त्या घरी, चार दिवसांत एक फेरी पुरी. त्यात रविवार नाही की सण नाही. ज्याची बारी आली त्याच्याकडे ती सकाळी आठला जायची आणि संध्याकाळी सहाला निघायची. असा रमाबाईंना दर चौथा दिवस मिळे.

तिकडे अकोल्याला त्यांची थोरली बहीण ललिता. तिची कथा वेगळी आणि तीच. तिचे यजमान वामनराव पायांनी धडधाकट होते, डोक्यानं गेले होते. आयुष्यभर कोर्टात नोकरी केलेला माणूस. बायकोचं नाव विसरला, मुलाचा चेहरा विसरला, पण कोर्टाचा रस्ता विसरला नाही. जरा पाठ वळली की कडी काढून अनवाणी कोर्टाकडे निघायचे. मुलगा पुष्कर एका दवाखान्याच्या लॅबमध्ये होता. पाच दिवस काम, सहावा दिवस सुट्टी. त्याचं लग्न टिकलं नव्हतं, घरात तिसरं कुणी नव्हतं. तेव्हा ललिताबाईंना घराबाहेर पाऊल टाकता येई ते दर सहाव्या दिवशी.

फोनवर बोलावं, तर ललिताबाईंना ऐकू येत नव्हतं. कानाचं यंत्र आणलं होतं, ते कपाटात पडलं होतं. त्यात नुसता पंखाच ऐकू येतो, असं त्यांचं म्हणणं. फोन कानाला लावून त्या सगळ्यालाच हो, हो म्हणत. एकदा रमाबाईंनी विचारलं, ताई, जेवलीस का? त्यावर हो. मग विचारलं, पडलीस का कुठे? त्यावरही हो. तेव्हापासून रमाबाईंनी फोन सोडला. निरोप काय तो पुष्करच्या मार्फत.

आणि बोलायचं तर असायचं. या दोघी बहिणी एका ताटात जेवलेल्या, एका रजईत झोपलेल्या. अमरावतीच्या गांधी चौकातून अंबादेवीच्या देवळापर्यंत एकमेकींच्या वेणीला धरून चालत गेलेल्या. हिवाळ्यात आई अंगणात शेकोटी करायची आणि हुरडा भाजायची, तेव्हा राखेतले दाणे कुणी जास्त वेचले यावरून भांडलेल्या. त्या अंगणातलं आता कुणी राहिलं नव्हतं. ज्याला ते अंगण सांगायचं, असं माणूस एकीला दुसरीच होती.

म्हणून मूर्तिजापूर. अमरावतीहून बडनेऱ्यावरून एसटीनं गेलं की दीड तास, अकोल्याहून त्याहून थोडं कमी. दोघींनी अकराला पोचायचं, दीडपर्यंत स्टँडवरच्या बाकावर बसायचं, एकमेकींच्या डब्यातलं खायचं आणि आपापल्या गाडीत चढायचं. अडीच तास. ही युक्ती रमाबाईंची. त्यांनी मुलींच्या शाळेत एकतीस वर्षं गणित शिकवलं होतं. दिवस कोणता, हे त्यांना बोटं मोडूनही मोजावं लागलं नाही. एकीला दर चौथा दिवस, दुसरीला दर सहावा. चाराच्या पाढ्यातही येते आणि सहाच्या पाढ्यातही येते, अशी पहिली संख्या बारा. लसावि बारा. एकदा योगायोगानं दोघींचा मोकळा दिवस एकच निघाला, त्या दिवसापासून दर बारा दिवसांनी भेट. ललिताबाईंना गणित कधी आलं नाही. त्या म्हणाल्या, तू सांगशील त्या तारखेला मी येईन, मला ते पाढे सांगू नको.

असं आठ महिने चाललं. बारा दिवस रमाबाई त्या अडीच तासांवर काढत. सहा दिवस मागच्या भेटीतलं आठवण्यात जात आणि पुढचे सहा, आता काय सांगायचं ते साठवण्यात.

सप्टेंबरच्या चार तारखेला भेट झाली. पुढची सोळाला. रमाबाईंनी घरी येताच कॅलेंडरवर सोळाला गोल केला आणि पेज ढवळायला गेल्या.

सात तारखेला प्रतीक्षाच्या मुलीला ताप आला. त्या दिवशी ती कुठेच गेली नाही. बारी दुसऱ्या घराची होती, पण फेरी सगळीच एका दिवसानं पुढे सरकली. आठ तारखेला यायची ती रमाबाईंकडे नऊ तारखेला आली. मग तेराला आली. रमाबाईंना हे दिसत होतं, पण दिसणं आणि ध्यानात येणं यांत झोपेचं अंतर असतं, आणि रमाबाईंची झोप तीन वर्षं अपुरी होती. त्यांच्या डोक्यात बारा हा आकडा पक्का बसला होता. चार आणि सहा, बारा. एकतीस वर्षं फळ्यावर लिहिलेलं उत्तर कसं चुकेल?

सोळाला त्यांनी पहाटेच उठून कमलाकांतांचं अंग पुसलं, मेथीचे पराठे केले, इस्त्रीचं लुगडं नेसल्या आणि आठ वाजता दारात उभ्या राहिल्या. साडेआठ झाले. नऊ वाजता त्यांनी प्रतीक्षाला फोन लावला.

"काकू, मी आज जानराव काकांकडं आहो ना," ती म्हणाली. "तुमची बारी उद्या. काहून, काही झालं का?"

रमाबाईंनी फोन ठेवला आणि पुष्करला लावला. आई साडेआठलाच निघाली, मावशी, तो म्हणाला, आता तर गाडी सुटलीसुद्धा असेल. घड्याळात नऊ वाजून सहा मिनिटं झाली होती. त्याच्या आवाजात झोप होती. सहा दिवसांतला त्याचा एक दिवस होता तो. वडिलांना एकटं टाकून त्याला आईमागे जाता येत नव्हतं.

रमाबाई खुर्चीवर बसल्या. नेसत्या लुगड्यानंच त्यांनी नळी साफ केली, पेज घातली, कूस बदलली. अकरा वाजले, तेव्हा मूर्तिजापूरचा बाक त्यांच्या डोळ्यांपुढे आला. बारा वाजले. ताई अजून बसली असेल. फोन ती बरोबर नेतच नसे. दीड वाजला. पराठे तसेच राहिले.

संध्याकाळी पुष्करचा फोन आला. आई तीनपर्यंत बसली होती. शेवटी स्टँडवरच्या चौकशी खिडकीतल्या माणसानं तिला अकोल्याच्या गाडीत बसवून दिलं. घरी आल्यापासून जेवली नाही. मावशीचं गणित चुकलं, असं पाटीवर लिहून दाखवलं, तर म्हणाली, रमी गणितात चुकत नाही, तिला आता माझा कंटाळा आला आहे, तोंडानं सांगवत नसेल.

रमाबाईंनी भिंतीवरचं कॅलेंडर काढलं. मग त्यांनी पुष्करला म्हटलं, थांब, मी नवी तारीख काढते.

त्या कॅलेंडर घेऊन कमलाकांतांच्या पलंगाशेजारी बसल्या. आपल्या मोकळ्या दिवसांवर टिंब दिलं: सतरा, एकवीस, पंचवीस, एकोणतीस. पुष्करच्या सुट्टीवर फुली मारली: सोळा, बावीस, अठ्ठावीस. सप्टेंबरात टिंब आणि फुली एकत्र आली नाहीत. पान उलटून ऑक्टोबर घेतला. टिंब तीनला, सातला, अकराला. फुली चारला, दहाला, सोळाला. तिथंही नाही. नोव्हेंबर घेतला, डिसेंबर घेतला. पुढच्या वर्षाचं कॅलेंडर अजून आलं नव्हतं, म्हणून त्यांनी जुन्या वहीच्या पाठकोऱ्या पानावर जानेवारी आखला.

मग त्यांनी पेन्सिल खाली ठेवली. सप्टेंबरात टिंबं सगळी विषम तारखांना पडत होती आणि फुल्या सगळ्या सम. चार पुढे गेलं काय नि सहा पुढे गेलं काय, सम ते सम राहतं आणि विषम ते विषम. एकतिसाचा महिना संपला की पालटत होतं, पण दोघांचं एकदमच पालटत होतं. एका दिवसाचं अंतर पडलं होतं आणि ते कधीच भरून येणार नव्हतं. बारा दिवसांनी नाही, बारा महिन्यांनी नाही, जन्मात नाही.

एकतीस वर्षं त्यांनी मुलींना हेच उदाहरण घातलं होतं. तीन घंटा सकाळी सहा वाजता एकदम वाजल्या. एक दर चार मिनिटांनी वाजते, दुसरी दर सहा, तिसरी दर आठ. तर पुन्हा एकदम किती वाजता वाजतील? सुरुवातीला त्या एकदम वाजलेल्या असायच्याच. तसं पुस्तकातच दिलेलं असे. एखादी घंटा एका मिनिटानं मागे पडली तर काय, हे एकाही मुलीनं विचारलं नव्हतं, आणि बाईंनाही कधी सुचलं नव्हतं.

तोड एकच होती. दोघींपैकी एकीला एका दिवसानं सरकायला हवं होतं. पुष्करच्या सुट्टीची यादी वरून ठरायची, ती हलत नव्हती. राहिली प्रतीक्षाची फेरी. रमाबाईंच्या पुढच्या दिवशी ज्यांची बारी, त्या घरच्या सूनबाईंना त्यांनी फोन केला. बाई गोड बोलल्या आणि नाही म्हणाल्या. काकू, आमची घडी कशीबशी बसली आहे, आता मोडवत नाही. रमाबाईंना राग आला नाही. त्यांनाही कुणी असं विचारलं असतं, तर त्यांनीही हेच म्हटलं असतं.

उरले आदल्या दिवसाचे जानराव. सतराला प्रतीक्षा आली, तेव्हा रमाबाई आपला तो दिवस घेऊन तीन गल्ल्या ओलांडून त्यांच्याकडे गेल्या.

जानराव तिवशाकडचे शेतकरी. जमीन पुतण्याकडे सोपवून बायकोच्या दुखण्यासाठी शहरात येऊन राहिलेले. गोदाबाई पाठीच्या मणक्यानं आडव्या झाल्या होत्या. रमाबाई गेल्या, तेव्हा ते पलंगावर बसून बायकोची वेणी घालत होते. हाताला सवय झाली होती, पण पेड सारखे पडत नव्हते.

"या, मास्तरीणबाई," ते म्हणाले. "आज आमच्या घरी कशा वाट चुकल्या?"

रमाबाईंनी सांगायला सुरुवात केली. आयुष्यात त्यांनी कुणाकडे काही मागितलं नव्हतं, त्यामुळे मागताना त्या शिकवायलाच लागल्या. चार काय, सहा काय, सम काय, विषम काय. जानराव वेणी घालत ऐकत होते. शेवटी रमाबाईंनी म्हटलं, माझा दिवस तुम्ही घ्या, तुमचा मला द्या. अदलाबदलीत तुम्हाला एकदा चाराऐवजी पाच दिवस थांबावं लागेल. एकदाच. पुढे पुन्हा चारच.

"म्हणजे मले एक दिवस सोडा लागते."

"हो."

जानरावांनी वेणीला गाठ मारली. मग त्यांच्याकडे न बघता म्हणाले, "माही चंदा अमरावतीले आजीपाशी राहून तुमच्याच शाळेत होती, बाई. नववीत तुमी तिले गणितात नापास केलं. एका मार्कानं."

रमाबाईंना आठवेना. राखेतले दाणे कुणी किती वेचले ते त्यांना आठवत होतं. सासरी पहिल्या दिवशी कोणती भाजी होती तेही आठवत होतं. चंदा आठवेना.

"मी सोता आलो होतो शाळेत," जानराव म्हणाले. "वावरातून तसाच एसटीनं, चिखलाच्या पायानं. दाराबाहीरच उभा राह्यलो. म्हटलं, बाई, एक मार्क द्या, पोरगी रडून रडून अर्धी झाली. तुमी म्हणाल्या, नियम सगळ्यायले सारखा. मंग तिच्या आजीनं तिची शाळा बंद केली. पुढच्या उन्हाळ्यात लगन."

"आता कुठे असते?"

"वरुडले. बरं आहे तिचं, तसं काही वाईट झालं नाही. दोन्ही पोरं शिकली. पण त्यायले अजून सांगते, एकच मार्क होता म्हणून."

पलंगावरून गोदाबाई क्षीण आवाजात म्हणाल्या, "जाऊ द्या ना. बाई दारात आल्या आहेत." त्यावर जानरावांनी त्यांच्या पाठीमागे उशी सारखी केली. रमाबाई उठायच्या बेतात होत्या. नाही म्हटलं असतं, तर त्या निमूट परत गेल्या असत्या. त्यांना ते बरोबरच वाटलं असतं.

"माह्या दिवशी मी काय करतो, सांगू?" जानराव म्हणाले. "झोपतो. ते पोरगी आली का मागच्या खोलीत जातो न् पडतो. जेवाले उठत नाही. मले ना कोणाले भेटाचं, ना कुठं जाचं. सोमवारी झोपलो काय न् मंगळवारी झोपलो काय."

"पण पाच दिवस—"

"पाच तं पाच. घेऊन टाका." त्यांनी कंगव्यातले केस काढून बोटाला गुंडाळले. "मी काय मास्तर थोडीच आहो?"

रमाबाईंना घरी परत येताना रस्त्यात एका ओट्यावर बसावं लागलं. पाय दुखत नव्हते. जरा बसावंसं वाटलं, इतकंच.

नवी फेरी वीसपासून सुरू झाली: वीस, चोवीस, अठ्ठावीस. अठ्ठावीसला पुष्करची सुट्टी. रमाबाईंनी यावेळी नुसत्या बारावर विसंबून न राहता प्रतीक्षाला तीनदा विचारलं आणि तिच्या तिखट जिभेची तीन उत्तरं ऐकली. पुष्करला निरोप दिला. त्याचा उलटा निरोप आला: मी पाटीवर लिहून दाखवलं, पण आई येणार नाही म्हणते, तिला बाकावर बसून माणसांच्या नजरा झेलायच्या नाहीत आता.

रमाबाई तरी गेल्या. भादव्याचं ऊन बसच्या पत्र्यावर तापलं होतं. मूर्तिजापूरच्या स्टँडवर त्या पावणेअकराला उतरल्या आणि नेहमीच्या बाकावर बसल्या. अकराला अकोल्याची गाडी आली, रिकामी झाली, निघून गेली. साडेअकराला दुसरी आली. तिच्यातून कापसाच्या व्यापाऱ्यासारखा दिसणारा एक जाड माणूस उतरला, दोन कॉलेजच्या मुली उतरल्या, ताई नाही. बाकाच्या लोखंडाचा चटका बसत होता. ताई इथेच तीनपर्यंत बसली होती. रमाबाईंनी ठरवलं, आपणही तीनपर्यंत बसायचं. प्रतीक्षा आहे घरी.

बारा वाजून दहा मिनिटांनी आलेल्या गाडीतून सगळ्यांच्या शेवटी ललिताबाई उतरल्या. आल्या, बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसल्या आणि पिशवी मध्ये ठेवली.

"जिवंत आहेस," त्या म्हणाल्या. कानानं बहिऱ्या माणसाचा आवाज मोठा असतो. चिवड्याच्या गाड्यावरच्या माणसानं मान वळवली. "मला वाटलं, तू तरी गेलीस, नाहीतर कमलाकांतराव तरी."

"माझं गणित चुकलं, ताई."

"काय?"

"गणित चुकलं," रमाबाई ओरडल्या. आता अख्ख्या स्टँडला कळलं.

ललिताबाईंचा विश्वास बसला नाही. मग रमाबाईंनी पिशवीतून ते पाठकोरं पान काढलं. टिंबं दाखवली, फुल्या दाखवल्या, त्या एकमेकींना कशा चुकवत जातात ते बोटानं दाखवलं. ललिताबाईंनी चष्मा वर करून पान डोळ्यांशी नेलं. पाढे त्यांना कधी आले नाहीत, पण दोन रांगा एकमेकींच्या शेजारून जातात आणि एकमेकींना शिवत नाहीत, हे त्यांना दिसलं. त्या बराच वेळ बघत राहिल्या.

"मग आज कशी आलीस?"

रमाबाईंनी जानरावांचं सांगितलं. एका दिवसाचं सांगितलं आणि एका मार्काचंही सांगितलं. ओरडूनच सांगावं लागलं. ललिताबाई म्हणाल्या, दिला असतास एक मार्क, तर काय तुझ्या घरचं जात होतं? रमाबाई म्हणाल्या, काही नाही. मग ललिताबाईंनी मधली पिशवी उचलून पायाशी ठेवली, सरकून जवळ बसल्या आणि डबा उघडला. झुणका होता. दोघींनी खाल्लं. बोलायचं साठवलेलं पुष्कळ होतं, पण पाऊण तासच उरला होता आणि कुठून सुरुवात करावी ते दोघींना कळेना.

"पुन्हा सरकलं तर?" ललिताबाईंनी विचारलं.

रमाबाईंनी हातानं सांगितलं, पुन्हा बघू.

ललिताबाई पान हातात घेऊन विचार करत होत्या. मग त्यांच्या त्या मोठ्या आवाजात म्हणाल्या, "म्हणजे आपल्या घरच्या या दोघांतलं एक गेलं, की मग तुझं हे गणित नको. मग कधीही भेटता येईल."

शेजारच्या बाकावरचे बोलणं थांबवून बघायला लागले. रमाबाईंनी त्यांना गप्प केलं नाही. हा हिशोब त्यांनीही कधीच केला होता, फक्त कागदावर नाही. त्यांनी मान हलवली.

ललिताबाईंनी पानाची घडी केली, तिची आणखी एक घडी केली आणि रमाबाईंच्या हातात दिली.

"मग असू दे," त्या म्हणाल्या. "बाराच असू दे."

अकोल्याची गाडी आधी आली. रमाबाईंनी त्यांना हात देऊन पायरीवर चढवलं. खिडकीशी बसल्यावर ललिताबाईंनी विचारलं, पुढची तारीख कोणती? रमाबाईंनी दोन्ही हातांची दहा बोटं वर केली, ऑक्टोबरची दहा. गाडी हलली, तशी ललिताबाईंनीही खिडकीतून दहा बोटं दाखवली, बरोबर आहे ना म्हणून, आणि गाडी फाटकातून वळेपर्यंत तशीच धरून ठेवली.